गैरहजर कुळाची गोष्ट : मुदत, हजेरी आणि दख्खनचे न्यायालय

'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' ही म्हण मराठीत इतकी रुळली आहे, की तिच्यामागचा काळ सहसा आपल्या मनात येत नाही. 'कोर्ट' या शब्दावरूनच ती इंग्रजी अमदानीतली असावी, हे उघड आहे. पण त्याच अमदानीच्या कायद्याने हा शहाणपणा महागात पाडला होता. कोर्टाने बोलावले आणि तुम्ही पायरी चढला नाहीत, तर दावा तुमच्या पाठीमागे चालतो आणि बहुधा तुमच्याविरुद्ध जातो. तुम्हीच दावा लावला असेल आणि तारखेला हजर नसाल, तर तो काढून टाकला जातो. हजर राहिलात, पण ठरलेल्या मुदतीनंतर आलात, तर तुमचे म्हणणे खरे की खोटे हा प्रश्न उपस्थितच होत नाही.

न्यायालयात हरण्याचे अशा रीतीने दोन प्रकार संभवतात. एकात म्हणणे ऐकले जाते आणि ते टिकत नाही. दुसऱ्यात ते ऐकलेच जात नाही. उशीर किंवा गैरहजेरी एवढ्यानेच प्रकरण निकालात निघते. कायद्याच्या पुस्तकात हा दुसरा प्रकार 'प्रक्रिया' या रूक्ष सदराखाली मोडतो आणि साहित्याच्या वा इतिहासाच्या अभ्यासकाला तिथे जावेसे वाटत नाही. वास्तविक एकोणिसाव्या शतकातील महाराष्ट्राच्या इतिहासात या रूक्ष सदराने फार मोठी उलथापालथ घडवली. प्रस्तुत लेखात त्या उलथापालथीचा, आणि ती सावरण्यासाठी १८७९ मध्ये झालेल्या एका विलक्षण कायदेशीर प्रयोगाचा मागोवा घ्यायचा आहे.

हाजीर मजालस

उशीर आणि गैरहजेरी यांचा विचार इंग्रजांनीच प्रथम केला असे मानण्याचे कारण नाही. धर्मशास्त्रातील व्यवहारप्रकरणांत तो पुष्कळ बारकाईने आलेला आहे. नारदस्मृतीत 'हीन' म्हणजे वादात कमी पडलेल्या पक्षाचे पाच प्रकार सांगितले आहेत. त्यांतला एक 'नोपस्थाता', म्हणजे हजर न होणारा. आणि दुसरा 'आहूतप्रपलायी', म्हणजे बोलावणे आल्यावर पळून जाणारा. गैरहजेरी हा पराभवाचा एक प्रकार आहे, ही कल्पना इथे स्पष्ट दिसते. मुदतीचेही तसेच. आपली जमीन दुसरा उपभोगत आहे हे डोळ्यांनी पाहूनही मालक वीस वर्षे काही बोलला नाही, तर त्याचा हक्क दुबळा होतो, असे याज्ञवल्क्यस्मृती सांगते; जंगम मालमत्तेसाठी हा काळ दहा वर्षांचा आहे.

या नियमांना जोडलेल्या अटी मात्र नियमांइतक्याच महत्त्वाच्या आहेत. याज्ञवल्क्याच्या नियमात काळ नुसता सरून भागत नाही. मालकाने ते पाहिलेले असले पाहिजे आणि पाहूनही तो गप्प राहिलेला असला पाहिजे. नारदाने तर कोणाला केव्हा वादासाठी अडवून ठेवू नये याची यादीच दिली आहे. तीत गुरे चारण्याच्या वेळी गुराखी आणि पीक हाती येण्याच्या वेळी शेतकरी यांचा समावेश आहे. गैरहजर माणूस कुठे असू शकतो आणि तो तिथे का असतो, याचा विचार या शास्त्रकाराने हजेरीचा नियम करतानाच केला होता. प्रत्यक्ष व्यवहारात हे नियम कितपत पाळले जात, हा प्रश्न वेगळा. पण विचाराची दिशा पुढील विवेचनासाठी ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

मराठेकालीन न्यायव्यवहाराचा पाया तर हजेरी हाच होता. वतनाच्या तंट्यांचे महजर ज्यांनी चाळले असतील, त्यांना ठाऊक आहे की अशा कागदात हाजीर मजालस, म्हणजे निवाड्याच्या वेळी उपस्थित असलेले देशमुख, देशपांडे, पाटील, कुळकर्णी, शेटे, महाजन, बलुतेदार यांची नावे ओळीने येतात. कोण कोण हजर होते, हे निवाड्याच्या वैधतेचे प्रमाण होते. वादी-प्रतिवादींकडून तकरीर घेतली जाई. निवाडा मान्य करीन असा राजीनामा लिहून घेतला जाई. आणि पक्षकार ऐन वेळी निघून जाऊ नये म्हणून हाजीरजामीन घेतला जाई. हजर राहण्याची हमी देणारा दुसरा माणूस त्याच गावाचा, त्याच गोताचा असे. गैरहजेरीवर इलाज समाजाच्या दाबातून केला जात होता.

या व्यवस्थेचे गोडवे गाण्याचे कारण नाही. हा समाजाचा दाब वरच्यांच्या हातात होता आणि मजालशीत बसणाऱ्यांची नावे जातीच्या उतरंडीने ठरत. शिवाय ती विलक्षण संथ होती. १८१९ मध्ये पेशव्यांच्या जिंकलेल्या मुलखाविषयी लिहिलेल्या प्रसिद्ध अहवालात माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने पंचायतींचे गुण नोंदवले, तसेच दोषही नोंदवले. पंच वेळेवर जमत नाहीत, काम लांबत जाते, निवाडा अमलात आणायला बळ नसते, ही त्याची निरीक्षणे होती. वतनाचा एकेक तंटा पिढ्यान्‌पिढ्या चाले आणि कारभारी बदलला की तो पुन्हा उकरून निघे. 'कधीतरी हे संपले पाहिजे' ही इच्छा अगदीच परकी होती, असे म्हणता येणार नाही. मुदतीच्या कायद्यामागील तत्त्वही हेच आहे : भांडणाला अंत असावा, साक्षीदार मरून जाण्यापूर्वी आणि कागद कसरीने खाण्यापूर्वी प्रश्न सुटावा, आणि जुन्या हिशेबाच्या टांगत्या तलवारीखाली कोणाला जन्मभर राहावे लागू नये.

१८५९ : दोन कायदे

१८५९ मध्ये हिंदुस्थानच्या इंग्रज सरकारने दिवाणी न्यायासंबंधी दोन कायदे केले. आठव्या कायद्याने दिवाणी प्रक्रियेची संहिता आली आणि चौदाव्या कायद्याने मुदतीचे नियम आले. पहिल्याने हजेरीचे माप ठरवले, दुसऱ्याने काळाचे.

प्रक्रिया-संहितेचा हिशेब सरळ होता. पुकारा झाल्यावर दोन्ही पक्ष गैरहजर असतील, तर दावा काढून टाकावा. फक्त प्रतिवादी हजर असेल, तर वादीच्या कसुरीबद्दल निकाल त्याच्याविरुद्ध द्यावा. फक्त वादी हजर असेल आणि समन्स बजावले गेल्याची खात्री असेल, तर दावा एकतर्फी चालवावा. अशा एकतर्फी निकालावर गैरहजर प्रतिवादीला अपील नव्हते. हुकूमनाम्याची बजावणी झाल्यावर तीस दिवसांच्या आत अर्ज करून, समन्स मिळाले नव्हते किंवा हजर न राहण्याला पुरेसे कारण होते, हे त्याला सिद्ध करावे लागे. कागदावर हा नियम दोन्ही बाजूंना सारखा लागू होता.

मुदतीच्या कायद्याची कथा अधिक गुंतागुंतीची आहे. मुंबई इलाख्यात त्यापूर्वी लेखी कर्जाच्या दाव्यासाठी बारा वर्षांपर्यंतचा अवधी होता. नव्या कायद्याने तो साध्या खतासाठी तीन वर्षे आणि नोंदणी केलेल्या खतासाठी सहा वर्षे केला. हेतू ऋणकोच्या हिताचा होता. सावकाराने व्याज साचवत बसू नये, लवकर हिशेब करावा, म्हणजे कर्ज आवाक्यात राहील, अशी अपेक्षा होती. घडले ते याच्या बरोबर उलट.

तीन वर्षे संपत आली की सावकार कुळापुढे दोन पर्याय ठेवी : आजच दावा लावतो, नाहीतर नवे खत लिहून दे. कूळ नवे खत लिहून देई. त्या नव्या खतात मागचे मुद्दल आणि तीन वर्षांचे व्याज एकत्र होऊन नवे मुद्दल बने. यातले गणित एका कल्पित उदाहरणाने स्पष्ट होईल. शंभर रुपये कर्ज आणि सालीना चोवीस टक्के सरळ व्याज धरू. एकच खत बारा वर्षे राहिले असते, तर व्याजासह ३८८ रुपये झाले असते. आणि त्यातही दामदुपटीच्या जुन्या नियमाने, म्हणजे व्याज मुद्दलाहून अधिक मागता येत नाही या नियमाने, एका वेळी २०० रुपयांवर वसुली झाली नसती. तेच खत दर तीन वर्षांनी बदलले, तर तीन वर्षांनी १७२, सहा वर्षांनी सुमारे २९६, नऊ वर्षांनी सुमारे ५०९ आणि बारा वर्षांनी सुमारे ८७५ रुपये होतात. दामदुपटीचा नियम इथे मोडत नाही. त्याला फक्त वळसा घातला जातो, कारण प्रत्येक नव्या खतात जुने व्याज 'मुद्दल' या नावाने येते. ऋणकोला वाचवण्यासाठी आखूड केलेली मुदत त्याच्या गळ्याभोवती आवळली गेली, ती अशी.

कागद हजर, माणूस गैरहजर

मुदतीने फुगवलेले हे खत मग हजेरीच्या नियमापुढे येई. सावकार दावा लावी. तालुक्याच्या कोर्टात तारीख पडे. त्या तारखेला वादी हजर असे, त्याचा वकील हजर असे, खत हजर असे, कूळ नसे. एकतर्फी हुकूमनामा होई. १८७५ नंतर नेमलेल्या चौकशी कमिशनपुढे जे चित्र उभे राहिले, त्यात शेतकऱ्यांवरील दाव्यांपैकी बहुतांश एकतर्फी निकालात निघत होते, ही बाब ठळक होती.

हे लोक का येत नव्हते? कोर्ट लांब होते आणि तारीख ऐन हंगामात पडे. वकिलाला द्यायला पैसे नव्हते. खतावर आपला अंगठा किंवा नांगराची निशाणी आहे, तेव्हा बोलायचे काय, अशी समजूत होती. आत काय लिहिले आहे हे वाचता येत नसल्याने, जे लिहिले आहे ते खोटे आहे असे सांगण्याचा धीरही नव्हता. कधी समन्स पोचतच नसे. बेलीफाने बजावल्याची नोंद मात्र असे. कधी सावकारच सांगे की आपण आपसात मिटवू, तू कशाला खेटे घालतोस. आणि सर्वांत मोठे कारण म्हणजे, हजर राहूनही काही उपयोग होईल असे त्यांना वाटत नव्हते. कायद्याने या सगळ्या कारणांना मिळून एकच अर्थ लावला : प्रतिवादीला काही म्हणायचे नाही.

नारदस्मृतीतला पिकाच्या वेळचा शेतकरी इथे आठवावा. नव्या प्रक्रियेत त्याला जागा नव्हती. तो समन्सला न येणारा 'प्रतिवादी' होता, एवढेच. ज्या माणसाला आपल्यावर दावा झाला आहे हेच कळलेले नाही, आणि ज्याला कळूनही उत्तर द्यायचे नाही, त्या दोघांचे मौन कोर्टाच्या वहीत एकाच शब्दात लिहिले जात होते.

अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६१ ते १८६५ दरम्यान, कापसाचे भाव चढले आणि कर्ज सहज मिळू लागले. युद्ध संपताच भाव कोसळले. १८६७ पासून इंदापूर आणि लगतच्या तालुक्यांतून शेतसाऱ्याची फेरआकारणी होऊन सारा वाढला. सावकारांनी हात आखडता घेतला आणि जुन्या खतांची वसुली कोर्टांतून सुरू केली. डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातील करडे गावी काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख या कुळाविरुद्ध सुमारे दीडशे रुपयांच्या कर्जापोटी हुकूमनामा मिळवला, त्याचे घर ताब्यात घेतले आणि पाडायला घेतले. गावाने सावकारांवर बहिष्कार घातला. ही लाट पसरत गेली. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे बाजाराच्या दिवशी जमलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांची घरे व दुकाने फोडली. त्यानंतर पुणे आणि तत्कालीन अहमदनगर जिल्ह्यांतील तीसहून अधिक गावांत दंगे झाले. ९५१ माणसे पकडली गेली आणि ५०१ जणांना शिक्षा झाल्या.

या दंग्यांची एक गोष्ट इतिहासकारांनी पुनःपुन्हा नमूद केली आहे. जमावाचा रोख माणसांवर कमी आणि कागदांवर जास्त होता. खते आणि वह्या मिळवायच्या आणि जाळायच्या, हा मुख्य उद्देश होता. ज्या सावकारांनी कागद मुकाट्याने हवाली केले, त्यांना बहुधा इजा झाली नाही. अडाणी जमावाने कागदाला भूत मानले, असा याचा अर्थ करणे सोपे आहे. पण तो चुकीचा आहे. प्रत्येक तारखेला आपल्या गैरहजेरीत आपल्याविरुद्ध बोलणारा साक्षीदार कोण आहे, हे त्या शेतकऱ्यांनी नेमके ओळखले होते.

१८७९ : मौनाची चौकशी

दंग्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या कमिशनचा अहवाल १८७८ मध्ये ब्रिटिश पार्लमेंटपुढे ठेवला गेला आणि १८७९ मध्ये 'दख्खन शेतकरी साहाय्य कायदा' संमत झाला. आरंभी तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. आर्थिक इतिहासाच्या पुस्तकांत तो कर्जनिवारणाचा कायदा म्हणून येतो. मला मात्र त्याचे खरे महत्त्व प्रक्रियेच्या इतिहासात वाटते.

या कायद्याने शेतकऱ्यावरील दाव्यात प्रतिवादीची साक्ष घेणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरवले. साक्ष अनावश्यक वाटली, तर तसे का वाटते, याची कारणे न्यायाधीशाने लिहून ठेवायची होती. रकमेविषयी वाद असेल, तर समोर आलेल्या खतावर न थांबता, व्यवहार पहिल्यांदा सुरू झाला तिथपासूनचा इतिहास तपासायचा होता. हिशेब करताना मध्येच मुद्दलात मिसळलेले व्याज वेगळे काढायचे होते. ऋणकोने रक्कम कबूल केली, तरी ती कबुली खरी आहे आणि आपल्या कायदेशीर हक्कांची पूर्ण जाणीव ठेवून दिलेली आहे, अशी न्यायाधीशाची खात्री झाली, तरच चौकशीला फाटा देता येई. याखेरीज मुदत पुन्हा वाढवून साध्या खतासाठी सहा आणि नोंदलेल्या खतासाठी बारा वर्षे केली. पैशाच्या हुकूमनाम्यापोटी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणे बंद झाले. कोर्टात जाण्यापूर्वी तडजोड घडवून आणणारे सलोखाधिकारी नेमले गेले.

यातील तत्त्व किती वेगळे होते, हे नीट पाहिले पाहिजे. सामान्य दिवाणी न्यायात न्यायाधीश हा दोन बाजूंमधला तटस्थ पंच असतो. जो बोलतो त्याचे तो ऐकतो; जो बोलत नाही त्याच्या वतीने तो विचारत नाही. या कायद्याने न्यायाधीशाला मौनाचा अर्थ आपल्या सोयीने लावायला मनाई केली. माणूस का बोलत नाही, हे शोधणे हाच न्यायदानाचा भाग बनवला. 'हो' म्हणणाऱ्यालाही 'तुला याचा अर्थ कळला आहे ना?' असे विचारणे भाग पाडले.

महादेव गोविंद रानडे यांच्या न्यायालयीन कारकिर्दीचा मोठा हिस्सा या कायद्याच्या अंमलबजावणीत गेला, हे अनेकदा विसरले जाते. १८८१ मध्ये ते या कायद्याखाली सहायक विशेष न्यायाधीश झाले आणि १८८७ मध्ये विशेष न्यायाधीश. १८९३ मध्ये उच्च न्यायालयात जाईपर्यंत दुय्यम कोर्टांची दप्तरे तपासणे, गावोगावी फिरणे, हिशेब पाहणे हे त्यांचे काम होते. त्यांच्या अर्थशास्त्रीय निबंधांतील शेती आणि कर्ज यांविषयीची जाण नुसत्या ग्रंथवाचनातून आलेली नव्हती, हे ध्यानात घेतले तर ते निबंध वेगळ्या रीतीने वाचता येतात.

प्रयोग निर्विवाद यशस्वी झाला, असे म्हणता येत नाही. सावकारांनी गहाणाऐवजी खरेदीखत लिहून घ्यायला सुरुवात केली. विक्रीच्या कागदामागे कर्ज लपू लागले आणि हिशेब उलगडण्याची तरतूद तिथे लंगडी पडली. शेतकऱ्याची पत आटली, ही तक्रार होती. वकिलांना न्यायाधीशाचा हा चौकसपणा तटस्थतेचा भंग वाटे. मूळ प्रश्न, म्हणजे साऱ्याचा बोजा आणि पावसावरची शेती, कायद्याच्या कक्षेबाहेरच राहिला. तरीही एक गोष्ट या कायद्याने सिद्ध केली : गैरहजेरी ही निसर्गाने दिलेली वस्तुस्थिती नसून कायद्याने लावलेला अर्थ आहे, आणि म्हणून तो अर्थ कायद्याला बदलताही येतो.

साहित्यातील दोन पडताळे

या काळाचा मराठीतील सर्वांत प्रखर साक्षीदार म्हणजे जोतीराव फुले यांचा १८८३ मधील 'शेतकऱ्याचा असूड'. कोर्टातील कारकून, वकील, अंमलदार आणि सावकार यांची साखळी आणि तिच्यात सापडलेला निरक्षर शेतकरी यांचे चित्र फुल्यांनी विस्ताराने रेखाटले आहे. कायद्याच्या भाषेत ज्याला प्रतिवादीची कसूर म्हणतात, तिच्यामागे अज्ञानाची एक जाणीवपूर्वक टिकवलेली व्यवस्था आहे, हे फुल्यांचे प्रतिपादन. १८७९ च्या कायद्याने न्यायाधीशाला जे विचारायला लावले, त्याच्या पुढचा प्रश्न फुले विचारतात : या माणसाला त्याच्या हक्कांची जाणीव असू नये, यात कोणाचे हित आहे?

दुसरा पडताळा वरवर दूरचा वाटेल. १९६७ मध्ये रंगभूमीवर आलेल्या विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकात लुटुपुटूचा खटला खऱ्या छळात बदलतो. त्यात प्रोफेसर दामले हे पात्र सबंध नाटकभर गैरहजर आहे. ज्याने उत्तर द्यायचे तो येत नाही आणि त्याची गैरहजेरी त्याला काहीही नडत नाही. हजर आहे ती बेणारे, आणि तिचे दीर्घ स्वगत चालू असताना रंगमंचावरील बाकीची पात्रे थिजलेली असतात. तिचे म्हणणे त्या कोर्टापर्यंत पोचत नाही. गैरहजेरीची किंमत सगळ्यांना सारखी पडत नाही, आणि नुसती हजेरी म्हणजे ऐकले जाणे नव्हे, हे इतक्या तीव्रतेने मराठीत क्वचितच मांडले गेले असेल. दख्खनच्या कोर्टात गैरहजर असलेला हरत होता. तेंडुलकरांच्या कोर्टात गैरहजर असलेला सुटतो. दोन्हीकडे निकाल ठरतो तो कोणाच्या मागे किती बळ आहे यावरून.

'पुरेसे कारण'

आजच्या दिवाणी प्रक्रिया संहितेचा, म्हणजे १९०८ च्या पाचव्या कायद्याचा, नववा आदेश उघडून पाहिला तर १८५९ चीच चौकट दिसते. वादी गैरहजर असेल तर दावा काढून टाकणे, प्रतिवादी गैरहजर असेल तर एकतर्फी चालवणे, आणि पुरेसे कारण दाखवून तो निकाल रद्द करून घेण्याची मुभा. त्यासाठी आजही सामान्यतः तीस दिवस. १९६३ च्या मुदत कायद्याचे तिसरे कलम असे, की प्रतिवादीने आक्षेप घेतला नसला तरी मुदतबाह्य दावा न्यायालयाने स्वतःहून काढून टाकलाच पाहिजे. उशीर झाला का, हे न्यायालय न विचारता तपासते. समोर नसलेल्या माणसाचे म्हणणे काय असू शकेल, हे तपासण्याचे १८७९ मधले कर्तव्य मात्र सर्वसाधारण कायद्यात कधीच आले नाही.

त्याची काही भरपाई 'पुरेसे कारण' या दोन शब्दांनी केली आहे. मुदत कायद्याच्या पाचव्या कलमात, आणि एकतर्फी निकाल रद्द करण्याच्या नियमातही, हेच शब्द आहेत. आणि त्यांचा अर्थ लावणे हा आपल्या उच्चतम न्यायालयाचा दीर्घकाळचा उद्योग राहिला आहे. संग्रामसिंह प्रकरणात १९५५ मध्ये न्यायालयाने सांगितले, की प्रक्रिया ही न्यायाला साह्य करण्यासाठी आहे, माणसांना अडकवण्यासाठी नाही. रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणात १९८१ मध्ये वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा पक्षकाराला देणे नाकारले. अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात १९८७ मध्ये विलंबाकडे उदारपणे पाहावे असे सांगितले. १९९८ मध्ये एन. बालकृष्णन प्रकरणात ८८३ दिवसांचा विलंब माफ करताना, दिवस किती यापेक्षा कारण पटण्याजोगे आहे का हे महत्त्वाचे, असे म्हटले. दुसरी धारही तितकीच खरी आहे. २०१२ मध्ये पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया या निकालात, सरकारी खात्यांनी फायलींच्या प्रवासाचे कारण पुढे करून कायम सवलत मागू नये, असे न्यायालयाने बजावले. ही कठोरता योग्यच म्हटली पाहिजे. ज्याच्याकडे वकील, कार्यालय, कारकून सगळे आहे, त्याचा उशीर आणि ज्याच्याकडे यांपैकी काहीच नाही त्याचा उशीर, यांना एकाच मापाने मोजणे ही समता नव्हे.

अलीकडच्या एका घटनेने या सगळ्या प्रश्नावर अनपेक्षित प्रकाश पडला. कोविडच्या साथीत २३ मार्च २०२० रोजी उच्चतम न्यायालयाने स्वतःहून आदेश देऊन देशभरातील मुदती वाढवल्या. आणि जानेवारी २०२२ मधील आदेशाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा सगळा काळ मुदतीच्या गणनेतून वगळला. माणसे कोर्टापर्यंत पोचूच शकत नाहीत, तेव्हा त्यांच्या न येण्याचा अर्थ त्यांच्याविरुद्ध लावता येणार नाही, ही त्यामागची भूमिका होती. ती सर्वांना पटली, कारण त्या वेळी घरात अडकलेले सगळेच होते. यात पक्षकार होते, वकील होते, न्यायाधीशही होते.

कायदा जागे असणाऱ्यांच्या मदतीला येतो, झोपलेल्यांच्या नव्हे, असे एक जुने लॅटिन वचन मुदतीच्या समर्थनार्थ नेहमी दिले जाते. त्याचे महत्त्व कमी लेखण्याचे कारण नाही. मुदत आणि हजेरी यांशिवाय कोणतेही न्यायालय चालणार नाही, आणि वर्षानुवर्षे तारखा घेत राहणारा पक्षही अन्यायच करत असतो. पण दख्खनचे ते कूळ झोपलेले नव्हते. तारखेच्या दिवशी ते बहुधा आपल्या, किंवा नुकत्याच सावकाराच्या झालेल्या, शेतात राबत होते. कोर्टाच्या दप्तरातील 'प्रतिवादी गैरहजर' ही नोंद इतिहासाच्या अभ्यासकाने जेव्हा वाचावी, तेव्हा तिथे वाक्य संपले असे न मानता, हा माणूस त्या दिवशी कुठे हजर होता, हे विचारावे. १८७९ च्या कायद्याने न्यायाधीशाला जवळपास हेच सांगितले होते.